वाचक विचारतात : एकाच बायबलमधून गुलामगिरीही आणि सुटकाही?

प्रश्न (एक वाचक, सांगली) : मी ख्रिस्ती नाही. अमेरिकेतल्या गुलामगिरीवर मागे एक डॉक्युमेंटरी बघितली, त्यात मळ्याचे मालक दर रविवारी चर्चला जाणारे, देवभोळे लोक होते. आम्हाला शाळेत येशूचं म्हणून 'शेजाऱ्यावर प्रेम करा' एवढंच शिकवलं. मग हे लोक बायबल वाचत नव्हते का, की त्यातच तसं लिहिलंय?

वाचत होते हो दादा, चांगलं रोज वाचत होते, हेच तर जास्त त्रासदायक आहे. आणि 'तसं लिहिलंय का' याला मी नाही म्हणून मोकळी होणार नाही. बायबलच्या इफिसकरांस पत्रात 6 व्या अध्यायाच्या 5 व्या ओळीत पौल, म्हणजे येशूनंतर त्याचा धर्म गावोगाव नेणारा आणि चर्चना पत्रं लिहिणारा प्रचारक, सरळ म्हणतो की दासांनो, आपल्या धन्याची आज्ञा पाळा. मी चर्चमध्येच वाढले, ही ओळ लहानपणापासून कानावर आहे, आणि ती जणू तिथे नाहीच असं बोलणारे लोक मला पटत नाहीत. ती आहे. पण जरा खाली 9 व्या ओळीवर या, तिथे धन्यांना सांगितलंय की तुम्हीही त्यांच्याशी तसंच वागा, धमक्या देणं सोडा, तुमचा आणि त्यांचा धनी स्वर्गात एकच आहे आणि तो कोणाचं तोंड बघून न्याय करत नाही. मळ्यावरच्या प्रार्थनेत 5 वी ओळ घोकून घेतली जायची आणि 9 वी मालकाला कोण ऐकवणार, कारण उपदेशकाला आणणारा मालकच.

ही भानगड बरीच जुनी आहे. इंग्रजांच्या वसाहतींत सुरुवातीला असा समज होता की ख्रिस्ती माणसाने ख्रिस्ती माणसाला गुलाम ठेवू नये. व्हर्जिनियात 1656 साली एलिझाबेथ की नावाची एक बाई कोर्टातून सुटली, तिचा बाप इंग्रज होता आणि तिचा बाप्तिस्मा, म्हणजे ख्रिस्ती होण्याचा पाण्याचा विधी, झालेला होता हे दोन्ही मुद्दे तिच्या बाजूने मांडले गेले. मग मालकांना धास्ती वाटायला लागली, बाप्तिस्मा दिला आणि गुलाम हातचा गेला तर? म्हणून 1667 ला व्हर्जिनियाने कायदाच केला की बाप्तिस्म्याने माणसाच्या गुलाम असण्या-नसण्यात काही फरक पडणार नाही. म्हणजे बघा, आत्मा वाचवायला परवानगी, माणूस तेवढा मालकाचाच राहणार. माझ्या मते पुढचं सगळं बिघडलं ते इथून, कारण एकदा आत्मा आणि शरीर असं वेगळं काढलं की कुठलंही वचन कुठेही बसवता येतं.

नंतर तर कात्रीच आली. 1807 मध्ये लंडनला एक बायबल छापलं, वेस्ट इंडिज बेटांवरच्या गुलामांसाठी, त्याला आता 'गुलामांचं बायबल' म्हणतात. नेहमीच्या प्रॉटेस्टंट बायबलमध्ये 1189 अध्याय असतात, यात फक्त 232. निर्गमच्या पुस्तकातली दहा आज्ञांची गोष्ट ठेवली आणि मोशे इस्राएल लोकांना फारोच्या, म्हणजे इजिप्तच्या राजाच्या, गुलामीतून बाहेर काढतो ती मुख्य गोष्ट काढून टाकली. योसेफाला मिसरात, म्हणजे इजिप्तमध्ये, विकलं आणि त्याने तिथे निमूट काम केलं ती गोष्ट ठेवली. माणूस चोरून विकणाऱ्याला मरणदंड द्या असं निर्गम 21:16 मध्ये आहे, ते गायब. पौलाच्याच गलतीकरांस पत्रातली 3:28, दास आणि स्वतंत्र हा भेद ख्रिस्तात उरत नाही, ते गायब. आणि इफिसकरांस 6:5? ते आहे. हैतीत गुलामांनी बंड करून 1804 ला स्वतःचा देश उभा केला होता त्याला जेमतेम तीन वर्षं झाली होती, तेव्हा ही भीती कुठून आली ते वेगळं सांगायला नको. मला तर ही कात्री म्हणजे छापणाऱ्यांनी दिलेला कबुलीजबाबच वाटतो, कारण पुस्तक खरंच मालकाच्या बाजूचं असतं तर इतकं कापायला लागलं असतं का?

'हामचा शाप' हे तुम्ही ऐकलं असेल, काळे लोक जन्मजात गुलाम आहेत असं सांगायला हे फार वापरलं गेलं. उत्पत्तीचा 9 वा अध्याय काढून बघा, दहा मिनिटांत होईल. नोहा दारू पिऊन उघडा पडतो, हाम ते बघतो, आणि नोहा शाप देतो तो हामला नाहीच, हामच्या मुलाला, कनानला. कातडीच्या रंगाबद्दल तिथे एक अक्षर नाही. एवढ्या आधारावर दोन-अडीचशे वर्षं लाखो माणसं विकली गेली!

फ्रेडरिक डग्लस स्वतः गुलाम होता, पळून सुटला आणि 1845 ला त्याने आत्मचरित्र लिहिलं. त्याचा मालक थॉमस ऑल्ड 1832 मध्ये मेथॉडिस्ट या ख्रिस्ती पंथाच्या मेळाव्यात जाऊन एकदम भाविक झाला. डग्लसला आशा वाटली की आता हा सुधारेल, निदान पोटाला नीट देईल. झालं उलटं. हेनी नावाची एक मुलगी होती, लहानपणी आगीत पडून तिचे हात निकामी झालेले, तिला काम जमायचं नाही म्हणून हा मालक तिला बांधून उघड्या खांद्यांवर चाबकाने मारायचा, रक्त यायचं, आणि मारताना तोंडाने लूक 12:47 म्हणायचा, धन्याची इच्छा माहीत असून जो ती करत नाही त्याला पुष्कळ फटके बसतील. हे वाचल्यापासून लूकचा तो अध्याय मला पूर्वीसारखा वाचता येत नाही. आणि तरी त्याच पुस्तकाच्या शेवटी डग्लस लिहितो की मी ख्रिस्ताच्या धर्माच्या विरोधात नाही, या देशातल्या गुलाम बाळगणाऱ्यांच्या धर्माच्या विरोधात आहे, या दोघांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. पाठीवर वळ असलेला माणूस हे म्हणतो तेव्हा त्याचं ऐकावं लागतं.

दुसऱ्या बाजूलाही बायबलच होतं ना. पेनसिल्व्हेनियातल्या जर्मनटाउनच्या चार क्वेकरांनी (हा एक ख्रिस्ती पंथ) 1688 लाच लेखी निषेध केला, मुद्दा साधा, लोकांनी आपल्याशी जसं वागावं असं वाटतं तसंच आपण लोकांशी वागायचं, मग तुम्हाला कोणी विकलेलं चालेल का? आणि खुद्द गुलाम लोकांनी, ज्यांना वाचायला शिकवणं अनेक राज्यांत कायद्याने बंद होतं, मोशेची गोष्ट कानोकानी नेली, गाण्यांत घातली. गुलामीतून स्वतः पळालेल्या हॅरिएट टबमनने लोकांना गुलामगिरीच्या दक्षिणेतून बाहेर काढलं तर तिचं नावच मोशे पडलं. पार 1865 मध्ये अध्यक्ष लिंकन म्हणाला की यादवी युद्धातल्या दोन्ही बाजू एकच बायबल वाचतात आणि एकाच देवाची प्रार्थना करतात. चर्चसुद्धा याच्यावरून फुटली, 1845 ला जॉर्जियात सदर्न बॅप्टिस्ट कन्व्हेन्शन, म्हणजे दक्षिणेतल्या बॅप्टिस्ट पंथाच्या चर्चांचा संघ, वेगळं झालं ते गुलाम बाळगणाऱ्याला मिशनरी नेमायचं का या वादातून, आणि त्यांनी माफी मागितली 1995 ला. दीडशे वर्षांनी!

आता मला सगळ्यात जवळचं वाटतं ते सांगते. हॉवर्ड थर्मन म्हणून मोठे काळे धर्मचिंतक होऊन गेले, 1936 मध्ये बारडोलीला येऊन गांधीजींना भेटलेले. त्यांची आजी गुलाम म्हणून जन्मलेली, तिला वाचता यायचं नाही, तर हा नातू तिला बायबल वाचून दाखवायचा. पण पौलाची पत्रं काढली की आजी नको म्हणायची, कधीतरी फक्त प्रेमाचा अध्याय, करिंथकरांस पहिलं पत्र 13, तेवढं चालायचं. मोठं झाल्यावर त्यांनी विचारायचं धाडस केलं तेव्हा तिने सांगितलं की मालकाचा गोरा उपदेशक यायचा आणि वर्षातून तीन-चारदा तरी तोच विषय घ्यायचा, दासांनो धन्याचं ऐका. ती म्हणाली, तेव्हाच मी देवाला शब्द दिला की कधी वाचायला शिकले आणि सुटका झाली तर तो भाग वाचणार नाही. अक्षरओळख नसलेली बाई, पण बायबल कसं वाचायचं याचा मोठमोठ्या पंडितांपेक्षा पक्का विचार तिने केलेला होता.

आणि हे आपल्यापासून लांबचं नाही बरं का. जोतीराव फुले पुण्यात स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले, ख्रिस्ती झाले नाहीत, पण 1873 ला 'गुलामगिरी' लिहिलं ते अमेरिकेतल्या गुलामांना सोडवणाऱ्या सदाचारी लोकांच्या सन्मानार्थ अर्पण केलं. तिकडची बेडी आणि इकडची बेडी एकाच जातीची आहे हे त्यांना तेव्हाच दिसलं होतं.

प्रश्न (एक वाचक ताई, न्यू जर्सी) : इथे 2018 ला सीमेवर मुलांना आईवडिलांपासून तोडत होते तेव्हा अटर्नी जनरलनी, म्हणजे अमेरिकेच्या न्यायखात्याच्या प्रमुखांनी, बायबल दाखवलं, की सरकारचं ऐका असं पौल म्हणतो. ख्रिस्ती माणसाने खरंच सरकार म्हणेल ते ऐकायचं असतं का?

हो, जेफ सेशन्स, जून 2018. त्यांनी रोमकरांस पत्राचा 13 वा अध्याय पुढे केला होता. ताई, हा अध्याय म्हणजे सत्ताधाऱ्यांचा जुना मित्र आहे. पळालेला गुलाम पकडून परत द्या असा 1850 चा अमेरिकन कायदा, तेव्हा हाच अध्याय. दक्षिण आफ्रिकेत वर्णभेदाचं राज्य, तेव्हाही हाच.

पण पौलाने पत्र लिहिताना अध्याय पाडले नव्हते, ते कित्येक शतकांनी पडले. त्यामुळे 13 एकटा उचलायचा नाही, 12 च्या शेवटापासून वाचत यायचं, तिथे आहे शत्रू भुकेला असेल तर त्याला जेवू घाल, आणि 13 च्या 10 व्या ओळीत आहे की प्रेम शेजाऱ्याचं वाईट करत नाही. मधल्या सात ओळी उचलून आईच्या हातातून मूल ओढायचं ही मला तर वचनाची चोरी वाटते. आणि लिहिणारा पौल स्वतः कितीदा तुरुंगात गेला! पेत्र आणि इतर प्रेषित, म्हणजे येशूचे खास शिष्य, तर न्यायसभेसमोर उभे राहून म्हणाले की माणसांपेक्षा देवाचं ऐकलं पाहिजे, प्रेषितांची कृत्ये 5:29. बायबलच्या शेवटच्या पुस्तकाचा, प्रकटीकरणाचाही 13 वा अध्याय वाचा, तिथे सत्ता म्हणजे समुद्रातून वर येणारं श्वापद आहे.

दक्षिण आफ्रिकेतल्या धर्मशास्त्र्यांनी 1985 ला 'कैरोस डॉक्युमेंट' काढलं त्यात याचा चांगला समाचार घेतलाय, अशा वाचनाला त्यांनी 'सरकारी धर्मशास्त्र' असंच नाव दिलं. जर्मनीत हिटलर आल्यावर बरीच चर्च त्याच्यामागे गेली, पण काहींनी 1934 ला बार्मेनला जमून जाहीर केलं की चर्चचा प्रभू येशू ख्रिस्त, दुसरा कोणी नाही. त्याच लढ्यातला डीट्रिख बॉनहॉफर एप्रिल 1945 मध्ये फाशी गेला, युद्ध संपायला महिनाभर उरला होता. तेव्हा उत्तर नाही असंच आहे ताई, आणि ते किती महाग पडतं हे माहीत असून मी नाही म्हणतेय.

प्रश्न (वय 26, अहिल्यानगर जिल्हा) : आम्ही तीन पिढ्या ख्रिस्ती आहोत. चर्चमध्ये 'ख्रिस्तात भेद नाही' ऐकतो, पण माझ्या लग्नाची बोलणी सुरू झाल्यावर घरचे मुलाकडच्यांची जुनी जात विचारायला लागले. पाळक (आमचे धर्मगुरू) पण गप्प. मला खूप राग येतोय.

राग बरोबर आहे पोरी, आवरू नकोस. गोव्यात बामण, चारडो, सुदीर हे जातीचे भेद चर्चमध्ये शिरून शतकं झाली, तिथल्या काही ठिकाणी चर्चची मंडळं, कोन्फ्रारिया, जातीवर चालत आली. आणि सरकारच्या 1950 च्या आदेशाने दलित ख्रिश्चनांना अनुसूचित जातीत धरलंच नाही, म्हणजे कागदावर जात संपली आणि लग्नाच्या बैठकीत मात्र जिवंत. आपल्या समाजातल्या मोठ्यांना सरकारची ही गोष्ट बरोबर टोचते, त्यावर मोर्चे निघतात, निघायलाच हवेत, पण आपल्याच घरातल्या जातीवर कोणी बोलत नाही.

तुझ्या पाळकांनी 3:28 नुसती म्हणून सोडून दिली असेल. तू मागे जा, त्याच गलतीकरांस पत्रात 2 ऱ्या अध्यायाच्या 11 व्या ओळीपासून वाच. अंत्युखियात पेत्र यहूदी नसलेल्यांबरोबर जेवायला बसायचा, मग यरुशलेमहून तिथल्या मंडळीचा पुढारी याकोब याच्याकडची माणसं आली तसा तो त्या पंगतीतून उठला आणि वेगळा बसायला लागला, लोक काय म्हणतील म्हणून. पौलाचा सोबती बर्णबासुद्धा त्याच्यामागे गेला. तेव्हा पौलाने सगळ्यांसमोर पेत्राला तोंडावर सुनावलं. पेत्राला! म्हणजे 'दास नाही, स्वतंत्र नाही' ही हवेतली गोड ओळ नाहीये, ती पंक्तिभेदाच्या भांडणानंतर आलीय, आणि पंक्तिभेद काय असतो हे आपल्या आज्या-पणज्यांना कोणी शिकवावं लागत नव्हतं, त्यांनी लांब बसून वाट पाहिलीय.

आता असं कर. रविवारी दुपारची जेवणं झाली की सगळे घरात असताना तो भाग काढ, ओळ 11 ते 14, चारच ओळी आहेत, आणि बाबांना मोठ्याने वाचायला सांग. तू वाचू नकोस, त्यांनाच वाचू दे. मग विचार की पणजोबांनी बाप्तिस्मा घेतला तो कुठल्या पंगतीतून उठायला आणि कुठल्या पंगतीत बसायला. पुढे काय झालं ते मला नक्की कळव.