पाच लाखांवर सही करावी का?

प्रश्न : माझा थोरला भाऊ वायरमन होता. तीन महिन्यांपूर्वी बांद्याजवळ महामार्गावर डंपरने त्याच्या दुचाकीला मागून धडक दिली आणि तो जागीच गेला. वय ३८ वर्षे. मागे वहिनी, शाळेत जाणारी दोन मुले आणि आई आहे. महिन्याला अठरा हजारांच्या आसपास मिळवायचा, पण त्याचा पुरावा म्हणजे फक्त कामाची एक वही. विमा कंपनीकडून आलेले गृहस्थ पाच लाख घेऊन मिटवा म्हणतात. न्यायालय रक्कम कसे ठरवते? एल.आय.सी.चे मिळालेले पैसे त्यातून कापतील का?
– एक वाचक, पेडणे

उत्तर : वहिनींनी तूर्त कोणत्याही कागदावर सही करू नये, हे सर्वांत आधी सांगतो. मोटार वाहन कायद्याच्या कलम १६४ प्रमाणे चूक कोणाची हे सिद्ध न करता मृत्यूबद्दल ५ लाख रुपये मिळतात. पण ठरलेल्या प्रक्रियेने ती रक्कम एकदा स्वीकारली की कलम १६६ खालचा, म्हणजे समोरच्याची चूक दाखवून पूर्ण भरपाई मागण्याचा, मोठा दावा संपुष्टात येतो. तुमच्या कुटुंबाचा खरा हक्क या दुसऱ्या कलमात आहे.

त्याचा हिशेब सर्वोच्च न्यायालयाने २००९ च्या सरला वर्मा आणि २०१७ च्या प्रणय सेठी या निकालांत घालून दिला आहे. उत्पन्न दरमहा १८,००० रुपये मान्य झाले असे धरू. स्वतंत्र व्यवसाय करणारा माणूस चाळिशीच्या आत गेला, तर पुढे त्याची कमाई वाढली असती म्हणून ४० टक्के मिळवतात. ते झाले २५,२००. अवलंबून असलेली माणसे चार ते सहा असतील तर एक चतुर्थांश रक्कम त्याच्या स्वतःच्या खर्चापोटी वजा होते, म्हणजे उरले १८,९००, वर्षाचे २,२६,८००. वयाच्या ३६ ते ४० या गटासाठी गुणक, म्हणजे वर्षाची रक्कम जितक्या पटीने धरतात तो आकडा, १५ आहे, म्हणून ३४,०२,००० रुपये. यात २०१७ च्या निकालातल्या आकड्यांप्रमाणे, वारसांसाठी मागे राहिली असती ती मिळकत बुडाल्याबद्दल १५,०००, अंत्यविधीचे १५,००० आणि सहवासाला मुकल्याबद्दल ४०,००० रुपये येतात. हे शेवटचे पत्नीप्रमाणेच मुलांना व आईलाही वेगवेगळे मिळू शकतात, आणि या तिन्ही रकमा दर तीन वर्षांनी १० टक्क्यांनी वाढतात. शिवाय अर्जाच्या तारखेपासून व्याज देण्याचा अधिकार मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाला, म्हणजे असे दावे चालवणाऱ्या न्यायालयाला, आहे. पाच लाखांशी याची तुलना तुम्हीच करून पाहा.

हा सगळा डोलारा पहिल्या आकड्यावर उभा आहे, आणि कंपनीचे वकील बोट ठेवतील ते तिथेच. उत्पन्नाचा पुरावा नसला की बहुधा किमान वेतनाचा आधार घेतला जातो आणि रक्कम एकदम खाली येते. म्हणून ती वही मला फार मोलाची वाटते. तिच्यात कोणाच्या घरी वायरिंग केले, किती घेतले, किती बाकी राहिले, हे त्याच्याच अक्षरात तारखेसह असेल, तर त्यांतील चार-पाच गिऱ्हाइकांना साक्षीला यायची विनंती करा. बँकेचे पासबुक आणि इलेक्ट्रिक सामानाच्या दुकानाची बिले जोडा. इथे फौजदारी खटल्याइतका काटेकोर पुरावा लागत नाही, पण काहीतरी हाती असावे लागते. एल.आय.सी.ची चिंता सोडा: ती भावाने हप्ते भरून घेतलेली पॉलिसी आहे, आणि असे पैसे भरपाईतून वजा करता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्येच स्पष्ट केले आहे.

अपघात महाराष्ट्रात झाला तरी अर्जदार राहतात तिथल्या न्यायाधिकरणात अर्ज करता येतो. सिंधुदुर्गात खेपा घालण्याची गरज नाही, उत्तर गोव्यातच दावा दाखल करा. मात्र कायद्यात अपघातापासून सहा महिन्यांची मुदत आहे आणि तुमचे तीन गेले आहेत. वकिलाच्या फीची अडचण असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. स्त्रियांना आणि मुलांना उत्पन्न न पाहता तिथे मोफत वकील मिळतो. एफ.आय.आर., पंचनामा, शवचिकित्सेचा अहवाल आणि डंपरच्या विम्याचा तपशील यांच्या प्रती आताच मिळवून ठेवा. वहीची मूळ प्रत कोणालाही देऊ नका; मागितली तर झेरॉक्स द्या, आणि मूळ वही वकिलामार्फत न्यायाधिकरणातच हजर करा.