अरीय वेग, आणि त्रिज्येतली ज्या

प्रश्न असा आहे: दूरच्या ताऱ्यांभोवतीचे ग्रह शोधण्याविषयी वाचताना ताऱ्याच्या 'रेडियल व्हेलॉसिटी'ला कुणी अरीय वेग म्हणतात, कुणी त्रिज्य वेग, तर कुणी अक्षीय वेग. यांतला बरोबर कोणता? आणि अशा ग्रहांना 'बाह्यग्रह' म्हणावे का?

'अक्षीय' आधी निकालात काढू. तो पर्याय नाही, सरळ चूक आहे, आणि हल्ली ती इतक्या वेळा कानावर पडते की चीड येते. अक्ष म्हणजे ज्याभोवती चाक फिरते तो कणा. अर म्हणजे तुंब्यापासून, म्हणजे चाकाच्या मधल्या गोळ्यापासून, धावेपर्यंत, म्हणजे बाहेरच्या कडेपर्यंत, गेलेली दांडी. बैलगाडीच्या चाकात दोन्ही शब्द मराठी होऊन बसले आहेत: अक्षाची आस झाली, अराचा आरा. आस आणि आरा एकमेकांना काटकोनात असतात. म्हणजे अरीयाच्या जागी अक्षीय लिहिणारा थोडाथोडका नव्हे, पुरता नव्वद अंशांनी चुकतो. 'अरिय' असे ऱ्हस्वही लिहू नका. अर अधिक ईय म्हणजे अरीय, री दीर्घच. ऱ्हस्व लिहिले की वाचणाऱ्याला अरि म्हणजे शत्रू आठवतो.

लॅटिन 'रेडियस'चा जुना अर्थही चाकाचा आरा हाच. काठी आणि किरण हे त्याचे आणखी अर्थ. ऋग्वेदात वर्षाच्या चाकाला 'द्वादशार' म्हटले आहे, बारा आऱ्यांचे आणि आकाशाभोवती फिरत राहणारे. तेव्हा 'अरीय' हा पाठ्यपुस्तकात बसून घडवलेला कृत्रिम शब्द आहे, ही तक्रार मला मान्य नाही. 'त्रिज्य'चे समर्थक ती हटकून करतात, आणि त्रिज्या सगळ्यांना कळते असे वर सांगतात. कळते खरी, पण भलतीच कळते. ग्रहाविषयी वाचताना त्रिज्या म्हटले की डोळ्यांपुढे ग्रहाच्या कक्षेची त्रिज्या येते, आणि तारा त्या त्रिज्येवरून पुढेमागे सरकतो असा समज होतो. इथल्या चाकाचा तुंबा तारा नाहीच. तुंबा म्हणजे पाहणारा, आपण. आपल्यापासून ताऱ्यापर्यंत गेलेली दृष्टिरेषा हा आरा. तारा त्या रेषेवर आपल्याकडे किती वेगाने येतो किंवा आपल्यापासून किती वेगाने दूर जातो, तो अरीय वेग. दूर जाणारा धन, जवळ येणारा ऋण.

तो मोजतात ताऱ्याच्या वर्णपटातल्या रेषांवरून: तारा जवळ येत असेल तर त्या निळ्या टोकाकडे सरकतात, दूर जात असेल तर तांबड्या. डॉप्लरने १८४२ साली मांडलेले तत्त्व विल्यम हगिन्सने १८६८ साली व्याध ताऱ्याला लावून दाखवले. नुसता अरीय वेग मोजल्याने मात्र ग्रह सापडत नाही, आणि बातम्यांमध्ये नेमके हेच गाळलेले असते. ५१ पेगासी हा तारा सेकंदाला सुमारे ३३ किलोमीटर वेगाने आपल्या दिशेने येतो आहे. त्याचा ग्रहाशी काही संबंध नाही. मिशेल मेयर आणि दिदिए केलोज यांनी १९९५ मध्ये जे दाखवले ते असे की या वेगात दर ४.२३ दिवसांनी एक चढउतार होतो, मधल्या पातळीच्या वर-खाली सेकंदाला सुमारे ५५ ते ६० मीटर. हा चढउतार ग्रहाच्या ओढीमुळे होतो. म्हणजे वर्णरेषेच्या तरंगलांबीत पन्नास लाखांत एक भाग एवढाच फरक. 'तारा कधी लाल तर कधी निळा दिसतो' असे लिहिणाऱ्यांनी हा आकडा डोळ्यांसमोर ठेवावा. रंग बदलत नाही, रेषा केसभर सरकते. गुरू सूर्याला सेकंदाला साधारण साडेबारा मीटर वेगाने हलवतो, आणि पृथ्वी जेमतेम नऊ सेंटिमीटर.

ताऱ्याच्या या हालचालीला 'डगमगणे' हे क्रियापदही नको. डगमगणाऱ्याचा तोल गेलेला असतो. तारा तर ग्रहासह दोघांच्या समाईक वस्तुमानकेंद्राभोवती व्यवस्थित फिरत असतो. दृष्टिरेषेवर त्या फिरण्याचा दिसतो तो हेलकावा. हेलकाव्याला आवर्तन असते, म्हणून तो शब्द बसतो.

आता त्रिज्येकडे येतो. तिला या जागेवरून मी उठवले खरे, पण इतका सुंदर शब्द मराठीत थोडाच असेल, आणि त्याची व्युत्पत्ती फार वाईट सांगितली जाते. 'त्रि म्हणजे तीन, ज्या म्हणजे जीवा, म्हणून तीन जीवा.' एका रेषेत तीन जीवा कुठून आल्या, ते सांगायचे कष्ट कुणी घेत नाही. खरी गोष्ट अशी. राशी बारा, प्रत्येकी ३० अंशांची. तीन राशी म्हणजे ९० अंश. ज्योतिर्गणितात कोनाची ज्या म्हणजे दुप्पट कोनाच्या जीवेचा अर्धा भाग, म्हणजे आजची 'साइन'. तीन राशींची ज्या ती त्रिराशिज्या किंवा त्रिभज्या. घासून घासून उरली ती त्रिज्या. ९० अंशांची ज्या वर्तुळाच्या अर्ध्या व्यासाएवढी भरते, म्हणून पुढे त्या लांबीलाच हे नाव मिळाले. निव्वळ भूमितीसाठी 'व्यासार्ध' होताच. त्रिज्या हा ज्योतिर्गणिताचा शब्द. वर्तुळाच्या २१,६०० कला (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग) धरल्या तर तिची किंमत ३,४३८ कला येते, आणि आर्यभटाने दिलेल्या ज्यांमधल्या फरकांची बेरीज बरोबर तिथेच पोहोचते.

ज्या म्हणजे धनुष्याची दोरी. जीवा म्हणजेही तीच. ही जीवा अरबीत 'जिबा' झाली. तिथे स्वर न लिहिण्याच्या पद्धतीमुळे पुढे ती 'जैब' अशी वाचली गेली. जैब म्हणजे वस्त्राची घडी, अंगरख्याचा गळा. हिंदीतला 'जेब' तोच. बाराव्या शतकात लॅटिनमध्ये भाषांतर करणाऱ्यांनी जैबचा अर्थ घेऊन 'सायनस' लिहिले आणि त्याचे 'साइन' झाले. आपणच दिलेला शब्द ओळखू न आल्यामुळे आपण तो आता 'साइन' म्हणून देवनागरीत छापतो. याचे मला मनापासून वाईट वाटते.

ग्रहांच्या शोधात याचे काय काम? सगळे काम याचेच आहे. अरीय वेगावरून ग्रहाचे वस्तुमान थेट मिळत नाही. मिळतो तो वस्तुमान आणि कक्षेच्या कलाची, म्हणजे ती आपल्या बाजूने किती तिरपी आहे त्या कोनाची, ज्या यांचा गुणाकार. कक्षा आपल्याला कडेने दिसत असेल तर कल ९० अंश, आणि ज्या पूर्ण. म्हणजे त्रिज्या! त्रिज्या या शब्दाचा जो मूळ अर्थ, त्याच एका स्थितीत अरीय वेग ग्रहाचे खरे वस्तुमान सांगतो. कक्षा ताटासारखी समोर असेल तर कल शून्य. तारा दृष्टिरेषेवर हलतच नाही, आणि अरीय वेगाला ग्रहाचा पत्ता लागत नाही. मधल्या कोनांना गुणाकार खऱ्या वस्तुमानाहून कमी भरतो. कल ३० अंश असेल तर निम्माच.

हा गुणाकार 'ग्रहाचे वस्तुमान' म्हणून छापणे ही माझ्या मते या विषयातली सर्वांत मोठी भाषिक बेपर्वाई आहे. एचडी ११४७६२ या ताऱ्याच्या सोबत्याचे १९८९ मधले मापन घ्या. गुणाकार गुरूच्या सुमारे अकरापट आला, आणि बरीच वर्षे तो संभाव्य ग्रह मानला गेला. ताऱ्यांच्या जागा अचूक मोजणाऱ्या गाइया उपग्रहाच्या मापनांनंतर कळले की कक्षा जवळजवळ समोरून दिसते आहे. खरे वस्तुमान गुरूच्या शंभरपटीहून जास्त निघाले. म्हणजे तो ग्रह नव्हे, लहानसा तारा. उलट एचडी २०९४५८ चा ग्रह १९९९ मध्ये ताऱ्यासमोरून जाताना पकडला गेला. अधिक्रमण दिसले म्हणजे कल जवळजवळ ९० अंश, ज्या जवळजवळ पूर्ण, आणि वस्तुमान निश्चित.

यावर जाणकार म्हणतात, 'किमान वस्तुमान' हा शब्द आहे की. आहे, पण तो अपुरा आहे. किमान म्हटले की खरे वस्तुमान किती वर जाऊ शकेल याचा काहीच अंदाज लागत नाही, आणि कशामुळे किमान तेही कळत नाही. कक्षा अवकाशात कशाही पसरलेल्या असल्या तर निम्म्या वेळा कल ६० अंशांहून जास्त असतो, आणि तेव्हा खरे वस्तुमान किमानाच्या सव्वापटीच्या आतच राहते. एचडी ११४७६२ सारखी फसगत विरळा. हे सगळे ज्येमुळे ठरते, मग तिचे नाव शब्दात का नसावे? 'ज्यावस्तुमान' म्हणा. 'ग्रहाचे ज्यावस्तुमान गुरूच्या निम्मे' असे वाचले की वाचक एकदा तरी विचारेल, ज्या कसली? तेवढे झाले तरी पुरे. कल ९० अंश असलेल्या कक्षेला मी 'त्रिज्यकक्षा' म्हणेन. त्रिज्येला तिची हक्काची जागा इथे मिळते, वेगाच्या आधी चिकटून नव्हे.

तर अरीय वेग. सर्वसामान्य वाचकांसाठी लिहिताना पहिल्या उल्लेखात 'दृष्टिरेषेवरचा वेग' असे फोडून सांगा, मग अरीय वापरा.

बाह्यग्रहाचे राहिले. मंगळ, गुरू, शनी, म्हणजे पृथ्वीच्या कक्षेबाहेरचे ग्रह, यांना बाह्यग्रह म्हणण्याची रीत आधीपासून आहे, तेव्हा तो शब्द गुंतलेला आहे. सौरबाह्य ग्रह लिहा.