सगळं येतं, पण बोलावतील कशासाठी?

तासगावच्या ताई, सप्रेम नमस्कार.

मुलगा बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला, लग्नसराईत शूटिंग करून स्वतःचा खर्च काढतो, एडिटिंग घरीच करतो आणि आता म्हणतो, ‘सिनेमा एकट्यानंच करणार.’ वडील बँकेच्या परीक्षेवर अडून बसलेत. यात पोट भरतं का, असं तुम्ही विचारलंय.

नुसत्या स्वतःच्या सिनेमावर सहसा नाही भरत. बहुतेकांची चूल दुसऱ्यांच्या कामावर पेटते.

त्यानं तुम्हाला आसामच्या रीमा दास यांचं उदाहरण दिलंय, ते खरंच आहे. ‘व्हिलेज रॉकस्टार्स’चं लेखन, दिग्दर्शन, कॅमेरा, संकलन, निर्मिती सगळं त्यांचंच. २०१७ सालचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. पण त्याच सिनेमाच्या लोकेशनवरच्या ध्वनिमुद्रणाचा राष्ट्रीय पुरस्कार मल्लिका दास यांना आहे. म्हणजे माईक दुसऱ्याच्या हातात होता!

लग्नाच्या व्हिडिओत वर गाणं टाकलं की भागतं, म्हणून या पोरांचं आवाजाकडे लक्षच नसतं. त्याला सांगा, स्वयंपाकघरात तुमचं आणि वडिलांचं दोन मिनिटांचं बोलणं शूट कर. फ्रिज-पंखा बंद. कॉलर माईक पदराला घासतोय का, ते हेडफोन लावून ऐक. शेवटी कुणीही न बोलता अर्धा मिनिट खोलीचा आवाज घे. तुकडे जोडताना तोच कामी येतो. यात तो रमला, तर पुढचं बोलू.

वाई-मेणवलीकडे शूटिंग होत असतात. तिथं ‘मला सगळं येतं’ म्हणणाऱ्याला सामान उचलायला लावतात. साउंड किंवा एडिटिंग नीट येणाऱ्याला पुन्हा फोन येतो. त्याचं लिहिणं, कॅमेरा हे स्वतःच्या सिनेमासाठी राहू दे.

पदवी मात्र पूर्ण करू द्या. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दिग्दर्शन, संकलन यांना कुठल्याही शाखेचा पदवीधर चालतो. साउंडला बारावीला फिजिक्स लागतं, तेव्हा कॉमर्सवाल्यानं ते कुणाच्या तरी हाताखालीच शिकायचं. बँकेची परीक्षाही देऊ दे, त्यानं सिनेमा बुडत नाही.

आणि नव्या कॅमेऱ्यासाठी कर्ज काढायचं म्हणाला, तर नाही म्हणा. कॅमेरा भाड्यानं मिळतो.