बेळगावात चित्रकार आजोबांनी काढलेल्या १६ मिमी रिळांना व्हिनेगरसारखा वास येतोय. माहितीपटासाठी प्रोजेक्टरवर चालवून मोबाइलने शूट करू का?

नको, प्रोजेक्टरला लावूच नका. रिळं थेट स्कॅनिंगला द्या. तो वास अ‍ॅसिटिक आम्लाचा. दमट, उष्ण हवेत अ‍ॅसिटेट (जुन्या रिळांमधलं एक प्लास्टिक) फिल्म कुजते, आकसते. मग तिची भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसत नाहीत आणि ती फाटते. बेळगावचा पावसाळा तर याला खतपाणीच. वासाची रिळं आजच वेगळी काढा, आम्लाची वाफ शेजारच्या चांगल्या रिळांनाही बाधते. गंजके पत्र्याचे डबे बदला, पण वरची अक्षरं आधी उतरवून घ्या. साल-गाव बहुधा तिथेच लिहिलेलं असतं. स्कॅनर दात्यांविना चालणारा, निदान २के (सुमारे दोन हजार पिक्सेल रुंद चित्र) क्षमतेचा मागा. फिल्म कडक किंवा वाकडी झाली असेल तर मात्र घरी उलगडू नका, तशीच लॅबला द्या.