वाचकांचे प्रश्न : घळीतील एक रात्र, बाहेरची बारा वर्षे

प्रश्न : मी एक अद्भुत कादंबरी लिहीत आहे. तिच्यातील कल्पित राज्यात एक घळ असून तेथे काळ अत्यंत संथ चालतो. आत एक रात्र काढून बाहेर पडणाऱ्याला बारा वर्षे उलटून गेलेली आढळतात. घळीतून नदीही वाहते. आमच्या वाचनालयातील मित्रांना हे पटत नाही. अद्भुत कथेत सारे चालते, असे माझे म्हणणे आहे. आपले मत कळवावे.
— एक वाचक, जांबोटी (ता. खानापूर)

उत्तर : काळ हवा तसा वाकवण्याचा अधिकार आपल्याला आहे; मात्र एकदा घातलेला नियम घळीच्या तोंडाशीही पाळला गेला पाहिजे, आणि आपल्या मित्रांची शंका नेमकी तेथेच असावी. बारा वर्षांचे ४,३८३ दिवस बारा तासांच्या एका रात्रीत बसवायचे, तर बाहेरचा पूर्ण दिवस आत जेमतेम दहा सेकंदांत संपेल. आत बसलेल्या माणसाला दर दहा सेकंदांनी सूर्य उगवताना दिसेल; मग त्याने ‘रात्र’ काढली, असे कसे म्हणायचे? शिवाय बाहेरून येणाऱ्या प्रकाशाची वारंवारताही त्याच पटीत वाढून साधे ऊन त्याच्यापर्यंत क्ष-किरण होऊन पोचेल.

नदीचा पेच याहून मोठा आहे. मलप्रभा कणकुंबीला उगम पावून खानापूरकडे येते; त्या वाटेवर आपली घळ आहे, असे क्षणभर समजू. बाहेरून पाहणाऱ्याला आत शिरलेले पाणी जवळजवळ थिजलेले दिसेल, वरच्या अंगाला फुगवटा चढत जाईल आणि खालच्या गावांचे पात्र कोरडे पडेल. आतल्या माणसावर मात्र बारा पावसाळ्यांचे पाणी एका रात्रीत कोसळेल. हा प्रसंग कथेला हवा असेल, तर नदी अवश्य ठेवावी, कारण घळीपायी तहानलेली खालची गावे हेच एक उत्तम कथानक आहे. नको असेल, तर नदी काढून टाकावी आणि घळीऐवजी गुहा घ्यावी.

गुहेचा मार्ग आपल्या परंपरेनेही स्वीकारला आहे. देवांच्या बाजूने लढून थकलेला मुचकुंद गुहेत झोपला, तो कालयवनाच्या लाथेने थेट कृष्णाच्या काळात जागा झाला. त्या अंधारात ना सूर्य दिसतो, ना नदी शिरते. तरीही गुहेत ये-जा करणारे कोणी तरी असतेच. आपल्या भीमगडच्या रानातील बारापेडे गुहा वटवाघळांसाठी प्रसिद्ध आहेत. तशी वटवाघळे आपल्या गुहेत असतील, तर दहा तास झोपून बाहेर पडलेल्या वटवाघळामागे बाहेरची दहा वर्षे गेलेली असतील. म्हणजे त्या गुहेतून वटवाघळांचा थवा वर्षानुवर्षांनी एकदाच बाहेर पडतो, हे पायथ्याच्या गावाला पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक असणार. गुहेचे रहस्य उलगडण्यासाठी मला याहून चांगला धागा सुचत नाही.

खऱ्या जगातही काळ सर्वत्र एकसारखा चालत नाही. जीपीएस उपग्रहांवरील घड्याळे जमिनीवरील घड्याळांच्या तुलनेत दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि तेवढी दुरुस्ती आधीच करून ठेवावी लागते. परंतु हा फरक इतका सूक्ष्म आहे, की आपल्या गुहेला त्याचा आधार देण्याच्या फंदात पडू नये.

बाहेर आल्यावर नायकाला काय दिसते, याकडे मात्र आपण अधिक लक्ष द्यावे, अशी माझी कळकळीची विनंती आहे. पांढरे केस आणि वाढलेली मुले कोणीही लिहील. आपल्याच भागातील एखादा माणूस १९५० साली अशा गुहेत शिरून १९६२ साली बाहेर आला असता, तर मुंबई राज्यातले आपले गाव त्याला म्हैसूर राज्यात सापडले असते, आणि खिशातले आणे काढून दुकानापुढे उभे राहिल्यावर दुकानदाराने त्याला नव्या पैशांत भाव सांगितला असता. आपल्या कल्पित राज्यातही असे काही बदलू द्यावे : नाणे, कर वसूल करणारा अधिकारी, सरकारी फर्मानाची भाषा. मुचकुंदालाही युग पालटल्याचे कळले, ते खुजी झालेली माणसे आणि झाडे पाहून.

प्रश्न : रेवतीच्या कथेत नेमका किती काळ लोटतो?
— एक वाचक, निपाणी

उत्तर : भागवताच्या नवव्या स्कंधानुसार सत्तावीस चतुर्युगे. एक चतुर्युग ४३,२०,००० वर्षांचे असल्याने ही संख्या ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षे होते. कन्येसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी गेलेला ककुद्मी राजा गंधर्वांचे गायन संपेपर्यंत थांबला, आणि तेवढ्यात त्याच्या मनातले सारे वर, त्यांची मुले, नातवंडे आणि गोत्रांची नावेसुद्धा काळाआड गेली. अखेर ब्रह्मदेवाच्या सांगण्यावरून रेवती बलरामाला दिली गेली.