पुण्यात ३ वर्षांच्या मुलीला अंगणवाडीत घालावं का? तिथे काही शिकवतात, की नुसती खिचडी?

"नुसती खिचडी" हे वाचलं आणि राहवलं नाही. अगदी हाच शब्द २०१९ च्या गणपतीत माझ्या मोठ्या दिरांनी भर पंगतीत वापरला होता. आपल्या घरातलं पोर खिचडीच्या रांगेत बसवलंस, असं. मी वाढत होते, काही बोलले नाही. आज तुमच्या निमित्ताने बोलते.

आम्ही पर्वतीच्या पायथ्याशी राहतो. नवरा चाकणला कंपनीत, मी मार्केट यार्डात एका पेढीवर हिशेबाला. मुलगा अडीच वर्षांचा झाल्यावर भाऊजींच्याच सांगण्यावरून एका नावाजलेल्या प्ले ग्रुपला घातला, वर्षाची फी ४२ हजार, ती दोन हप्त्यात भरली. पोरगं बोलायचं नाही. म्हणजे चार-पाच शब्द, तेही अर्धवट. तिथल्या मॅडम म्हणायच्या लाजाळू आहे, मुलगे उशिराच बोलतात, आणि वर्ष संपताना म्हणाल्या हेच वर्ष परत करा. परत ४२ हजार? मग मी जूनमध्ये त्याला गल्लीच्या टोकाच्या अंगणवाडीत नेऊन बसवला. खरं सांगायचं तर पैशामुळेच, तेव्हा मला तरी अंगणवाडीचं काय माहीत होतं.

खोली दहा बाय बाराची असेल, भाड्याची, सतरंजीवर वीस-बावीस मुलं. सेविका ताई रोज त्यांच्यासमोर खाली बसून बडबडगीतं घ्यायच्या, हातवारे करून. आमचा सगळे हातवारे बरोबर करायचा. गणपती झाल्यावर एक दिवस ताईंना खोकला होता म्हणून त्यांनी तोंडाला पदर लावून गाणं म्हटलं, सगळी पोरं नेहमीसारखी हात हलवायला लागली आणि आमचा नुसता उभा. त्यांना ते खटकलं. दुसऱ्या दिवशी त्यांनी मुद्दाम पदर लावून तीनदा करून बघितलं, तीनही वेळा तेच. मग त्याच्या मागे उभं राहून हाक मारली, मदतनीस ताईंना वाटी वाजवायला लावली. संध्याकाळी मी कामावरून आले तर दोघी माझ्या दारात. "ताई, पोरगं लाजाळू नाहीये, त्याला नीट ऐकू येत नाही, आपलं तोंड बघून करतंय सगळं."

मी वर्षभर त्याला "लक्ष कुठंय तुझं" म्हणून रागवत होते. हे लिहितानाही हात थांबतोय.

राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचं डॉक्टरांचं पथक अंगणवाडीत वर्षातून दोनदा येतं (हे २०१३ पासून आहे). ताईंनी त्यांच्याकडे नाव आधीच देऊन ठेवलं होतं. त्यांनी तपासून सरकारी दवाखान्याची चिठ्ठी दिली, तिथे कळलं की दोन्ही कानांच्या पडद्यामागे पाणी साठलंय. आधी औषधं, मग जानेवारीत छोटं ऑपरेशन करून कानात नळ्या बसवल्या, आम्हाला खर्च आला तो रिक्षाचा. ऑपरेशननंतर घरी आला आणि मिक्सर लावल्यावर दचकून कानावर हात ठेवले. लॉकडाऊनमध्ये सगळी अंगणवाडी बंद, पण ताई कोरडा शिधा घेऊन दारात यायच्या आणि उंबऱ्याबाहेर उभं राहून त्याच्याकडून एक गाणं म्हणवून घ्यायच्या. त्या जूनपर्यंत तो पूर्ण वाक्यं बोलायला लागला होता.

भाऊजींचं म्हणणं अजून हेच आहे की शाळेत गेल्यावर कळलंच असतं. कळलं असतं हो, सहाव्या वर्षी. तोवर बोलणं शिकायची तीन वर्षं गेली असती, ती कोणी भरून दिली असती? ४२ हजार घेणाऱ्यांना वर्षभरात दिसलं नाही ते या बाईंना तीन-चार महिन्यांत दिसलं, कारण मुलाची वाढ बघणं हेच त्यांचं काम आहे. दर महिन्याला वजन, उंची, लसी कुठवर आल्या, गरोदर बाई कोण, बाळंतीण कोण, सगळं त्यांना माहीत असतं. २ ऑक्टोबर १९७५ ला एकात्मिक बालविकास योजना सुरू झाली तेव्हापासून सहा कामं ठरलेली आहेत: पूरक आहार, लसीकरण, आरोग्य तपासणी, पुढच्या दवाखान्यात पाठवणं, आयांना आहार-आरोग्याचं शिक्षण, आणि ३ ते ६ वयाचं पूर्वशालेय शिक्षण. खिचडी हे त्यातलं एक. आणि तीही मोजून असते, आमच्या वेळी एका मुलाला दिवसाला ५०० कॅलरी आणि १२ ते १५ ग्रॅम प्रथिनं असा नियम होता, चिप्सचं पाकीट डब्यात देणाऱ्यांनी तिला नावं ठेवू नयेत.

"ते गरिबांसाठी असतं" हे जाऊबाईंचं. चूक. सुप्रीम कोर्टाने १३ डिसेंबर २००६ च्या आदेशात सांगितलंय की सहा वर्षांखालच्या प्रत्येक मुलाला या सेवा मिळाल्या पाहिजेत, आणि ज्या वस्तीत अशी ४० मुलं आहेत तिथे मागणी केल्यापासून तीन महिन्यांत अंगणवाडी द्यायला हवी. मला कोणी उत्पन्नाचा दाखला मागितला नाही.

शिकवतात का? एबीसीडी गिरवून घेत नाहीत, आणि या वयात घेऊही नये. गाणी, गोष्टी, चिंचोके मोजणं, रंग ओळखणं, मातीकाम. लहान मुलांच्या शिक्षणासाठी आयुष्य घालवलेल्या ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ पासून पालघरकडच्या बोर्डीला आणि मग कोसबाडला हेच केलं, मुलं शाळेत येत नाहीत तर शाळा त्यांच्या अंगणात नेली, अंगणवाडी हे नाव तिथलं. ही आपल्या महाराष्ट्राची गोष्ट आहे आणि आपणच तिला नाक मुरडतो याचा मला राग आहे.

आता हेही सांगते की सगळ्या अंगणवाड्या आमच्यासारख्या नसतात. पुण्यात जागा फार लहान, कुठे संडास नाही, कुठे सेविका दोन केंद्रं सांभाळते, वर पोषण ट्रॅकर या सरकारी मोबाइल ॲपवर रोजची नोंद. सेविकेला केंद्र सरकारचं मानधन ऑक्टोबर २०१८ पासून महिना ४५०० रुपये, राज्य त्यात भर घालतं, तरी तेवढ्यासाठी त्यांना डिसेंबर २०२३ मध्ये संपावर बसावं लागलं आणि तो जानेवारीपर्यंत चालला, तेवढे दिवस केंद्रं बंद. शिवाय वेळ काही तासांचीच, दोघं नोकरीला असाल तर पुढे कोण बघणार ते ठरवा, आमच्याकडे सासूबाई होत्या. सगळे प्ले ग्रुपवाले वाईट असंही नाही, माझ्या मैत्रिणीच्या मुलीला छान बाई मिळाल्या.

तुम्ही एकदा न सांगता अकराच्या सुमाराला जाऊन या. भिंतीवरचे तक्ते बघू नका, ताई खाली मुलांसमोर बसल्यात की खुर्चीत रजिस्टर भरतायत ते बघा. आणि मुलीचं लसीकरणाचं कार्ड बरोबर न्या, त्या पहिलं तेच मागतील.