वाचक विचारतात : फ्रान्सिस्कन मिशनऱ्यांची पुस्तकं कशी वाचावीत?

प्रश्न : फ्रान्सिस्कन मिशनऱ्यांवर दोन पुस्तकं वाचायला घेतली. एकात सगळे संत, दुसऱ्यात सगळे लुटारूंचे साथीदार. दोन्ही अर्ध्यावर सोडली. सुरुवात कुठून करावी?

उत्तर : सोडलीत ते बरं केलंत. माझी सगळी नोकरी ग्रंथालयात पुस्तकांच्या सूची करण्यात गेली. या विषयावरचं पुस्तक हाती आलं की मी आधी एवढंच बघतो, की ते कुणासाठी लिहिलंय. फ्रान्सिस्कन म्हणजे असिसीच्या संत फ्रान्सिसने स्थापलेला कॅथलिक साधूंचा संघ. त्या संघातल्या माणसाने संघातल्याच तरुणांसाठी चरित्र लिहिलं की त्यात चमत्कार उदंड आणि चुका शोधूनही सापडत नाहीत. म्हणून मिशनऱ्यांविषयीची पुस्तकं तूर्त बाजूला ठेवा आणि त्यांनी स्वतः लिहिलेलं वाचा.

पहिला विल्यम ऑफ रुब्रुक घ्या. हा १२५३ साली मंगोलांच्या मुलखात निघाला आणि परतल्यावर फ्रान्सचा राजा नववा लुई याला त्याने एक लांबलचक पत्र लिहिलं. मंगोल सम्राट मंगू खानाच्या छावणीत ऐन थंडीत रुब्रुक आणि त्याचे सोबती संघाच्या रिवाजाप्रमाणे अनवाणी उतरले, तर बघ्यांची ही गर्दी! तुम्हांला पाय नकोसे झालेत का, असं लोक विचारू लागले. एका हंगेरियन नोकराने त्यांचा संघ ओळखला आणि जमलेल्यांना हे काय प्रकरण आहे ते समजावलं. पुढे रुब्रुकच्या बोटांची टोकं गोठली आणि अनवाणी चालणं सुटलं. हे त्याने राजाला जसंच्या तसं कळवलंय. दुभाष्याची कथा तर याहून मजेशीर. स्थानिक भाषा थोडी कळायला लागल्यावर त्याच्या लक्षात आलं, की आपण सांगतो एक आणि हा पुढे सांगतो भलतंच. मग त्याच्यामार्फत उपदेश करायचीच रुब्रुकला धास्ती वाटू लागली. एवढ्या प्रवासात बाप्तिस्मा किती जणांना दिला, तर सहा. स्वतःची फजिती इतक्या सरळपणे लिहिणाऱ्याच्या बाकीच्या नोंदींवर माझा विश्वास बसतो. कॅस्पियन समुद्र चहूबाजूंनी जमिनीने वेढलेला आहे, चिनी लोक कुंचल्याने लिहितात, या त्याच्या नोंदी खऱ्याच निघाल्या.

त्यानंतर ओदोरिक ऑफ पोर्देनोने या फ्रान्सिस्कन प्रवाशाचा वृत्तान्त वाचा, पण जरा जपून. ठाण्यात १३२१ साली मारल्या गेलेल्या चार फ्रान्सिस्कनांची हकिकत त्याने सांगितली आहे आणि त्यांच्या अस्थी आपण चीनपर्यंत नेल्या असंही तो म्हणतो. पण घटना घडली तेव्हा तो तिथे नव्हता, ऐकलेलं सांगतोय. शिवाय हा वृत्तान्त त्याने १३३० साली इटलीतल्या पादुआत दुसऱ्याला सांगून लिहून घेतला. चमत्कारांचा भाग वाचताना हे ध्यानात असू द्या.

प्रश्न : मेक्सिकोत सहागूनने स्थानिकांचं ज्ञान जपलं आणि लांडाने त्यांचे ग्रंथ जाळले. एकाच संघात हे कसं?

उत्तर : अहो, लांडा या एकाच माणसात ही दोन्ही कामं आहेत! दिएगो दे लांडाने १५६२ साली युकातानमधल्या मानी गावी माया लोकांच्या पोथ्या जाळल्या. ते पाहून लोकांना अतोनात दुःख झालं, हेही त्यानेच लिहून ठेवलंय. कबुलीसाठी लोकांचा छळ झाला तो वेगळाच. त्याच्याविरुद्ध उभा राहिलेला बिशप तोराल हाही फ्रान्सिस्कनच, तेव्हा संघ म्हणजे एकमुखी टोळी नव्हती. लांडाला स्पेनला जाऊन जाब द्यावा लागला. तिथे असताना त्याने माया लोकांच्या चालीरीती, कालगणना आणि लिपी यांवर ग्रंथ लिहिला. मूळ प्रत हरवली. आपल्या हाती आहे ती नंतर कुणीतरी केलेली संक्षिप्त नक्कल.

त्यातलं लिपीचं पान मुद्दाम उघडा. लांडाने स्पॅनिश अक्षरांची नावं उच्चारली आणि माया लेखकाने त्या उच्चाराला जुळणारं चिन्ह काढलं. लांडाला वाटलं, मुळाक्षरं मिळाली. प्रत्यक्षात बरीचशी चिन्हं ‘बे’, ‘का’ अशा पूर्ण अक्षरांची होती. आपल्याला बाराखडीची सवय, म्हणून हा घोळ चटकन कळतो. उदाहरण म्हणून दिलेलं एक वाक्य आहे ‘मा इन काती’, म्हणजे ‘मला नको’. लेखक वैतागून तसं म्हणाला का, कोण जाणे. मला मात्र त्या पानावर त्याचाच आवाज ऐकू येतो. पुढे १९५२ साली युरी क्नोरोझोव्ह या सोव्हिएत अभ्यासकाने याच पानाच्या आधारे माया लिपी वाचण्याची वाट दाखवली.

सहागूनचा मेक्सिकोतल्या नाहुआ लोकांविषयीचा बारा भागांचा ग्रंथ फ्लॉरेन्सला आहे. पानाच्या उजवीकडे नाहुआंची भाषा नाहुआत्ल, डावीकडे स्पॅनिश. स्पॅनिश मजकूर अनेकदा आखूड असतो, आणि त्या रिकाम्या जागेत चित्रं आहेत. फक्त स्पॅनिशवरून केलेलं भाषांतर हाती आलं, तर अर्धाच ग्रंथ वाचला असं समजा. मूळ माहिती आणि लेखन नाहुआ विद्वानांचं. त्यांतल्या आंतोनियो वालेरियानोसारख्या काहींची नावं सहागूनने स्वतः नोंदवली आहेत. ज्या आवृत्तीच्या प्रस्तावनेत ती सापडत नाहीत, ती मी कुणाला सुचवत नाही.

प्रश्न : जेझुइट आणि फ्रान्सिस्कन यांत माझा नेहमी गोंधळ होतो.

उत्तर : माझाही झालाय. जेझुइट हा कॅथलिक साधूंचाच, पण वेगळा संघ. ल्हासाला गेलेल्या कॅपुचिन मंडळींचा पत्रसंग्रह मी एकदा जेझुइटांच्या कपाटात लावला होता. वास्तविक कॅपुचिन ही फ्रान्सिस्कनांचीच शाखा, आणि तिबेटच्या कामावरून त्यांचं जेझुइटांशी भांडण चाललेलं! लेखकाच्या नावापुढची अक्षरं बघत जा. ‘ओ.एफ.एम.’ असेल तर फ्रान्सिस्कन, ‘एस.जे.’ असेल तर जेझुइट. फ्रान्सिस झेवियर जेझुइट होता. नावावर जाऊ नका.

प्रश्न : कॅलिफोर्नियात मिशनं उभारणाऱ्या फ्रान्सिस्कन हुनिपेरो सेराला २०१५ साली संतपद मिळालं तेव्हा तिथल्या आदिवासींनी निषेध केला. त्याचं विश्वासार्ह चरित्र कोणतं?

उत्तर : पहिलं चरित्र १७८७ साली छापलं गेलं, ते त्याच्या शिष्याने, फ्रान्सिस्को पालूने लिहिलेलं. भक्तीचा चष्मा आहे हे गृहीत धरून वाचलंत तर उपयोगी पडेल. पण त्याआधी सेराची पत्रं वाचा. १७७५ साली सान दिएगोच्या मिशनवर तिथल्या कुमियाय आदिवासींनी हल्ला करून एका धर्मगुरूला ठार केलं, तेव्हा मारेकऱ्यांना जीवदान द्या, असं त्याने व्हाइसरॉयला लिहिलं. १७८० साली तोच सेरा गव्हर्नरला लिहितो, की आध्यात्मिक पित्याने आपल्या ‘इंडियन’ (म्हणजे तिथल्या आदिवासी) लेकरांना फटक्यांची शिक्षा देणं ही जुनीच रीत आहे. दोन्ही पत्रं लागोपाठ वाचा, मग पालू उघडा.